सव्वाबाराची सम

गेल्या उन्हाळ्यात मी एक नृत्य रचायला घेतले, आणि मला नाचता येत नाही. मी आयुष्यभर शाळेत भूगोल शिकवला. माझा तालाशी आलेला संबंध स्नेहसंमेलनात पडद्याआड उभे राहून मुलींना रांगेत सोडण्यापुरता. परंतु निवृत्तीनंतर लिहायला घेतलेल्या कादंबरीत एक गाव आहे, त्या गावातल्या बायका वर्षातून एकदा भर दुपारी उघड्या माळावर नाचतात, आणि त्या नाचाने गेलेली एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे, परत मिळवतात. नाचाचे नाव मी ‘सावलीफेर’ ठेवले. नाव सुचले तेव्हा काम संपल्यासारखे वाटले होते.

पहिला खर्डा मी भाचीला वाचून दाखवला. ती कथक शिकते आणि तोंडावर स्तुती करण्याची सवय तिला नाही. बायका नाचू लागतात, ऊन सोन्यासारखे झळाळते, सूर्य आकाशात थबकतो आणि काळ मागे वळतो, एवढे ऐकून झाल्यावर तिने विचारले, “पण आत्या, सूर्य त्यांचं ऐकतो काहून?” माझ्याकडे उत्तर नव्हते. नागपूरच्या अक्षांशावर पृथ्वीचा पृष्ठभाग सेकंदाला सुमारे ४३४ मीटर, म्हणजे ताशी १५६० किलोमीटरच्या आसपास, या वेगाने पूर्वेकडे फिरत असतो; सूर्याला जागच्या जागी धरून ठेवायचे तर तितक्याच वेगाने पश्चिमेकडे धावावे लागेल. हे मी मुलांना वर्षानुवर्षे शिकवले, आणि स्वतःच्या कथेत मात्र घुंगरांच्या आवाजावर ते सोडून दिले. अद्भुत लिहिताना आपण फार लवकर सैल होतो. मंत्र म्हटला की काम झाले.

मग आपल्याच गोष्टींमध्ये काय आहे ते आठवून पाहिले. कौशिकाच्या पत्नीने सूर्योदय अडवला आणि अनसूयेच्या विनवणीनंतर तो पुन्हा होऊ दिला, ही पुराणातली कथा सर्वांना ठाऊक आहे. तेथे मात्र सामर्थ्य शापाचे आणि पातिव्रत्याचे आहे, उन्हाचे नाही. माझ्या उपयोगाची कथा महाभारतातली निघाली. ‘हा सूर्य आणि हा जयद्रथ’ हे आपण इतक्या सहज म्हणतो की त्यामागची युक्ती किती नेमकी आहे याकडे लक्षच जात नाही. कृष्णाने काळ थांबवला नाही. त्याने केवळ उजेड झाकला, आणि दिवस संपला असे समजून शत्रू गाफील झाला. काळाला हात न लावता, काळ ज्या खुणेवरून ओळखायचा तीच खूण त्याने हाताळली. कोल्हापूरच्या अंबाबाईच्या देवळात ३१ जानेवारीपासून तीन दिवस आणि ९ नोव्हेंबरपासून तीन दिवस मावळतीची किरणे मूर्तीपर्यंत पोहोचतात, त्या किरणोत्सवातही सूर्याला कोणी बोलावत नाही. देऊळ योग्य दिशेला तोंड करून वाट पाहते. तेव्हा माझ्या गावातल्या बायकांनीही सूर्याला हुकूम करायचा नाही, त्याच्या मार्गात जेथे वळण असेल तेथे जाऊन उभे राहायचे, असे मी ठरवले. प्रश्न एवढाच होता की काळाची खूण उलटी जाते असे वळण सूर्याच्या मार्गात कोठे सापडते का.

ते नागपुरातच सापडले, आणि इतकी वर्षे भूगोल शिकवूनही ते मला दिसले नव्हते, याची थोडी लाज वाटते.

आपले शहर साधारण २१.१५ उत्तर अक्षांशावर आहे, कर्कवृत्ताच्या थोडे दक्षिणेला. त्यामुळे सूर्य उत्तरेकडे जाताना २६ मेच्या सुमारास आणि परतताना १७ जुलैच्या सुमारास, असा वर्षातून दोनदा मध्यान्ही बरोबर डोक्यावर येतो. त्या दिवशी उभ्या काठीची सावली काठीच्या पायाशीच विरून जाते. शून्य सावलीचा दिवस म्हणून वर्तमानपत्रांत दर वर्षी त्याची बातमी येते, आणि मुले झाकणे, पेले, पाइपचे तुकडे घेऊन अंगणात जमतात. नवतपा २५ मेला लागतो, म्हणजे ही पहिली शून्य सावली नेमकी त्या नऊ दिवसांत येते, जेव्हा शहाणा माणूस कूलरसमोरून हलत नाही. देशाचा मध्य म्हणून सांगितला जाणारा शून्य मैलाचा खांब आपल्या शहरात आहे, त्याचे कौतुक पाहुण्यांना आपण नेहमी दाखवतो. हे दुसरे शून्य मात्र उन्हाच्या भीतीने पाहायचे राहून जाते.

पण माझ्या कामाची गोष्ट शून्य सावलीच्या दिवसाची नव्हती, त्या दोन दिवसांच्या मधल्या ५२ दिवसांची होती. एरवी आपल्याकडे मध्यान्हीचा सूर्य दक्षिणेला असतो. काठीची सावली सकाळी पश्चिमेला, दुपारी उत्तरेला आणि संध्याकाळी पूर्वेला पडते. काठीपाशी उभे राहून पाहिले तर ती डावीकडून उजवीकडे फिरते. घड्याळाचे काटे ज्या दिशेने फिरतात ती दिशा उत्तर गोलार्धातल्या सूर्यघडीच्या सावलीकडूनच आली. मधल्या ५२ दिवसांत मात्र सूर्य दिवसभर पूर्व-पश्चिम रेषेच्या उत्तरेलाच राहतो. सावलीचे टोक नेहमीप्रमाणे पश्चिमेकडून पूर्वेकडेच जाते, परंतु काठीच्या उत्तरेकडून जाण्याऐवजी दक्षिणेकडून जाते. परिणाम असा की सकाळी काही वेळ सावली नेहमीच्या दिशेने सरकते, मग थबकते, आणि मग मागे वळून काट्यांच्या उलट दिशेने फिरू लागते. दुपारनंतर ती पुन्हा थबकते आणि सरळ होते. उष्ण कटिबंधात सूर्यघडीची सावली अशी मागे जाऊ शकते, हे पेद्रो नुनेश या पोर्तुगीज गणितज्ञाने १६व्या शतकात सिद्ध केले. २१ जूनला नागपुरात हे पहिले वळण साधारण १० वाजून २८ मिनिटांनी आणि दुसरे २ वाजून २ मिनिटांनी येते. साडेतीन तासांहून अधिक काळ आपल्या शहरातल्या प्रत्येक उभ्या वस्तूची सावली घड्याळाच्या उलट दिशेने चाललेली असते, आणि आपण त्या वेळी जेवण करून पंख्याखाली आडवे झालेलो असतो.

गणित कागदावर मांडून झाल्यावरही माझा विश्वास बसला नाही. म्हणून जूनच्या पहिल्या आठवड्यात, मृग लागण्यापूर्वी, एका स्वच्छ दिवशी आम्ही दोघी गच्चीवर गेलो. एक मीटरची सरळ काठी वाळूने भरलेल्या डब्यात रोवली, ओळंबा लावून ती ताठ केली (पहिल्यांदा ती दीड अंश कललेली निघाली, आणि या प्रयोगात दीड अंश म्हणजे सर्वस्व असते), खडूने वर्तुळ आखले, आणि सावली जेथे जेथे असेल तेथे वेळ लिहित गेलो. पावणेअकराच्या सुमारास सावली वळायला हवी होती. अकरा वाजले, सव्वाअकरा वाजले, काहीच घडत नव्हते. साडेअकरापर्यंत सावली जेमतेम दोन अंश मागे आली असेल, जे खडूच्या रेघेच्या जाडीतच हरवले. भाचीने डोक्यावरचा ओला पंचा तिसऱ्यांदा भिजवून आणला आणि काही न बोलता माझ्याकडे पाहिले. मग बारा वाजता आखूड झालेली सावली, तेव्हा ती पाच-साडेपाच सेंटीमीटरच उरली होती, स्पष्टपणे मागे सरलेली दिसली. त्यानंतर जे झाले ते मी याआधी कधी पाहिले नव्हते. तो सावलीचा तुकडा अक्षरशः वळू लागला. बारा वाजून बारा मिनिटांनी तो बरोबर दक्षिणेला होता आणि बारा चोवीसला पूर्वेकडे झुकलेला. २४ मिनिटांत सुमारे १२७ अंश, तेही उलटे. एरवी सूर्य आकाशात तासाला १५ अंश सरकतो, एवढाच वेग मुलांना शिकवायची मला सवय. आणि येथे सावली त्या हिशेबाच्या वीसपट वेगाने धावत होती.

२४ मिनिटे म्हणजे एक घटिका. मी गोष्टीत ही मुदत केवळ शब्द जुना आणि गोड वाटला म्हणून लिहिली होती.

खाली उतरल्यावर पन्हे पिताना भाची म्हणाली, “अगं, हे तर आधी विलंबित, मग मध्य, मग एकदम द्रुत झालं. सूर्यानंच लय बांधून दिली तुला.” येथून पुढे नृत्य माझे राहिले नाही, आमचे झाले. पावणेअकराला सावली थबकते तेथे सावलीफेर सुरू होतो. पहिला पाऊण तास नर्तकी जवळजवळ हलतच नाहीत, केवळ श्वासाबरोबर पावलांचा भार एका पायावरून दुसऱ्यावर जातो. माझ्यासारख्या अडाणी प्रेक्षकाला तो भाग कंटाळवाणा वाटेल, आणि तो वाटावा असाच आमचा आग्रह आहे. मध्य लय साडेअकराला, द्रुत बाराला, आणि सम, म्हणजे तालाचे आवर्तन जेथे येऊन मिळते ती पहिली मात्रा, बारा वाजून बारा मिनिटांनी, सावली ठीक दक्षिणेला असताना. तालासाठी तिने पंधरा मात्रांची पंचम सवारी सुचवली, तासाचे १५ अंश म्हणून. मला ही जुळवाजुळव थोडी शाळकरी वाटते, पण तिने पायाने तो ठेका धरून दाखवला तेव्हा त्यातला अवघडलेपणा या प्रसंगाला शोभला, म्हणून मी हरकत घेतली नाही.

सम सव्वाबाराच्या आसपास का, बाराला का नाही, हे गोष्टीतल्या गावाला विचारायची गरज नाही, कारण त्या गावात घड्याळच नाही. आपल्याला मात्र ते ठाऊक असावे. आपली प्रमाणवेळ ८२.५ पूर्व रेखांशाची आहे आणि नागपूर ७९.०९ च्या जवळ, म्हणून सूर्य आपल्या माथ्यावर सरासरी साडेतेरा मिनिटे उशिरा येतो. त्यात पृथ्वीच्या लंबवर्तुळाकार कक्षेमुळे आणि कललेल्या अक्षामुळे वर्षभर कमीजास्त होते. नोव्हेंबरच्या आरंभी नागपूरचा खरा मध्यान्ह ११ वाजून ५७ मिनिटांनी होतो, तर फेब्रुवारीच्या मध्यास १२ वाजून २८ मिनिटांनी. सूर्य असा वर्षभर कधी आगाऊ घेतो, कधी परत करतो, आणि वर्षाअखेरीस खाते बरोबर जुळते.

हे खाते मला कथेत फार उपयोगी पडले. पहिल्या खर्ड्यात घटिका परत मिळवण्याची किंमत म्हणून मधल्या नर्तकीचे आयुष्य घटत होते. अशा गोष्टींत हेच ठरलेले असते आणि वाचकालाही ते आधीच माहीत असते. आता तसे नाही. २६ मे ते १७ जुलै या काळात उचललेली घटिका गावाला वर्ष संपण्याच्या आत फेडावी लागते, कोणाच्या आयुष्यातून नव्हे तर गावाच्या दिवसांतून, चिमूट-चिमूट. नोव्हेंबरात संध्याकाळ नेमकी हवी तेव्हा लवकर आटोपते, बाजाराला निघालेल्या माणसाला वाटेत दोन मिनिटे सापडतच नाहीत. आणि उचललेल्या घटिकेचे काय करायचे यावर गावात दर वर्षी भांडण होते. एक वर्ष ती विहिरीत पडलेल्या वासरासाठी वापरली, एक वर्ष भर पंगतीत तोंडातून गेलेला शब्द परत घेण्यासाठी. एका वर्षी वाद मिटेपर्यंत घटिका सरून गेली, आणि ज्या घरी वाद चालला होता तेथले चुलीवरचे उतू गेलेले दूध तेवढे भांड्यात परत आले. हा प्रसंग माझा सर्वांत आवडता आहे. भाचीला तो पोरकट वाटतो.

आता रचनेविषयी. मध्यभागी एक स्त्री उभी राहते, तिला शंकू म्हणतात. हा शब्द मी बनवलेला नाही. जमिनीत रोवून सावली मोजण्याच्या खुंटीला शुल्बसूत्रांपासून, म्हणजे यज्ञवेदी आखण्याच्या प्राचीन ग्रंथांपासून, शंकूच म्हणतात. तिच्याभोवती वर्तुळ आखायचे, सकाळी सावलीचे टोक वर्तुळाला जेथे शिवते आणि दुपारनंतर जेथे पुन्हा शिवते ते दोन बिंदू जोडायचे, की पूर्व-पश्चिम रेषा मिळते. ही जुनी रीत मी नृत्याच्या आदल्या दिवसाचा विधी म्हणून जशीच्या तशी घेतली. वर्तुळावर बारा जणी, प्रत्येकीमध्ये ३० अंशांचे अंतर. शंकू ताठ हात वर जोडून उभी राहते आणि अखेरपर्यंत हलत नाही. माझ्या मते या नृत्यातली सर्वांत अवघड भूमिका तीच आहे, आणि कथकच्या वर्गातल्या कोणत्याही मुलीला ती नको असते, असे भाचीने मला स्पष्ट सांगितले.

घटिकेच्या त्या १२७ अंशांत शंकूची सावली बारापैकी चौघींच्याच दिशेने फिरते. या चौघी वर्तुळाच्या दक्षिण अंगाला असतात. येथे मी लिहिता लिहिता थांबले, कारण दक्षिण ही यमाची दिशा, आणि यम म्हणजेच काळ. दक्षिणेकडे पाय करून झोपू नये म्हणून माझ्या आजीने आम्हाला किती दटावले असेल. वर्षभर जी मध्यान्हीची सावली उत्तरेला पडते ती फक्त याच ५२ दिवसांत काळाच्या दिशेला पडते, आणि तीही उलटी फिरत. इतके सगळे आयते मांडून ठेवलेले असताना मी सोनेरी झळाळी आणि थबकलेला सूर्य लिहित बसले होते.

उरलेल्या आठ जणींच्या हातांत काशाच्या सपाट, घासून लख्ख केलेल्या थाळ्या असतात. आरसा एक अंश वळवला की परावर्तित किरण दोन अंश वळतो. म्हणजे थाळी सावलीच्या वेगाने फिरवली तर उजेडाचा कवडसा दुप्पट वेगाने पळतो. नर्तकी असे आठ कवडसे शंकूच्या पायाशी आणून सावलीपुढे धाववतात, सावलीला जणू वाट दाखवत. सूर्याला त्या काहीच करत नाहीत. सूर्याने दिलेल्या उजेडालाच थोडे घाईत घालतात. गच्चीवर हे करून पाहायला आमच्याकडे काशाच्या थाळ्या नव्हत्या, म्हणून स्टीलची ताटे घेतली. पहिलाच कवडसा समोरच्या गच्चीवर कुरडया वाळत घालणाऱ्या काकूंच्या डोळ्यांवर गेला आणि आमचा सराव त्या दिवसापुरता आटोपला. काकूंची क्षमा मागताना मी जे स्पष्टीकरण दिले, त्याने त्यांचा माझ्याविषयीचा गैरसमज वाढलाच असावा.

एक त्रुटी मात्र दूर होत नाही. सूर्य हा बिंदू नाही, त्याचे बिंब आकाशात सुमारे अर्ध्या अंशाचे आहे, त्यामुळे सावलीची कड कधीच रेखीव नसते. मीटरभर उंचीवरून आलेल्या सावलीला साधारण सेंटीमीटरभर धूसर किनार असते. जयपूरच्या जंतरमंतरातल्या सम्राट यंत्र या प्रचंड सूर्यघडीवर सावली सेकंदाला जवळजवळ एक मिलिमीटर सरकते, आणि तेथेही ही धूसर कड पाहणाऱ्याला चकवते. सम नेमकी कोणत्या क्षणी आली हे शंकूलाही सांगता येणार नाही. ही अडचण मी आधी लपवणार होते. आता गोष्टीत त्या धूसर पट्टीलाच महत्त्व आहे: गेलेली घटिका जेथून परत येते ती जागा म्हणजे सावली आणि ऊन यांच्या मधली ती सेंटीमीटरभर किनार.

आणखी एक निर्णय सांगायला हवा, कारण त्यावर मी बरेच दिवस अडले होते. काटोल रस्त्यावर जुनापाणीला लोहयुगातली शेकडो शिलावर्तुळे आहेत. रिव्हेट-कार्नॅक या ब्रिटिश अधिकाऱ्याने १८७९ मध्ये त्यांच्याविषयी लिहिले, आणि त्या वर्तुळांतल्या काही दगडांवर कोरलेले खळगे सूर्याच्या दिशांशी जोडता येतील, असेही काही अभ्यासकांनी मांडले आहे. गोंड समाजात लग्नाचे फेरे उजवीकडून डावीकडे घेतात, आणि त्याच दिशेने काटे फिरणारी घड्याळे गोंडवनात अनेक घरांत दिसतात. सावलीफेर यांपैकी कोणाला तरी चिकटवणे अगदी सोपे होते, आणि कथेला त्याने वजनही आले असते. मी ते केले नाही. ज्या लोकांच्या खऱ्या चालीरीती आपण नीट समजून घेतलेल्या नाहीत, त्यांच्या नावावर आपली बनावट चाल खपवणे मला अप्रामाणिक वाटते. शिवाय दहा वर्षांनी कोणीतरी ती खरी मानून दुसरीकडे उतरवून घेतो. अमेरिकेच्या मैदानी प्रदेशातल्या आदिवासींचे सूर्यनृत्य हे नवसाचे आणि प्रार्थनेचे खरे नृत्य. १८८३च्या सरकारी नियमांनी ते गुन्हा ठरवले होते. अशा इतिहासाशेजारी माझ्या काल्पनिक नाचाने अदबीने दूर उभे राहावे. म्हणून कथेतल्या गावाला ओळखीचे नाव नाही, जात नाही, देव नाही. ऊन तेवढे नागपूरचे आहे.

अडचण एकच उरली, आणि ती पावसाची. ५२ दिवसांपैकी जूनच्या मध्यानंतर आपल्याकडे ढग येतात. म्हणजे सावली उलटी फिरायला लागते आणि ऐन भरात, २१ जूनला, ती दिसण्याची खात्री उरत नाही. नवतपा ते मृग एवढीच काय ती निश्चित मुदत. शेतकऱ्याची नजर तेव्हा पहिल्या ढगाकडे, आणि माझ्या गावातल्या बारा जणींचे मागणे नेमके उलटे. या ताणावर एक पूर्ण प्रकरण होईल असे वाटते. त्यात शंकू म्हणून उभी राहणारी बाई शेतकऱ्याघरचीच आहे.

शेवटची हालचाल अजून ठरलेली नव्हती. समेनंतर बारा जणींनी कोठे जायचे? सावलीबरोबर पुढे उलटे फिरत राहायचे, की थाळ्या पालथ्या घालून थांबायचे? मी थांबण्याच्या बाजूची होते. गेल्या रविवारी भाचीने दिवाणखान्यातले टेबल बाजूला सारले, पंचम सवारीचे एक आवर्तन तोंडाने म्हटले, समेवर क्षणभर उभी राहिली, आणि मग डावा पाय उचलून उजवीकडे, घड्याळाच्या दिशेने, एकच पाऊल टाकले. “कोणीतरी आधी सरळ निघायला नको का,” ती म्हणाली, “दूध चुलीवर असेल ना.”